अर्ध्या गावाची चप्पल

मी एक जुनी चप्पल आहे, डावी. उजवी माझ्या शेजारीच पडली आहे, पण ती पहिल्यापासून घुमी, म्हणून सांगायचं काम माझ्याकडे आलं. मित्रांनो, चपलेची हकीकत म्हटल्यावर तुम्ही नाक मुरडणार हे मला ठाऊक आहे. खुशाल मुरडा. दाराबाहेर राहायची आम्हाला सवय आहे आणि दाराबाहेरून घरातलं सगळं ऐकू येतं.

रावेरपासून दोन कोसांवर एक गाव आहे. त्याचं नाव सांगत नाही, कारण तिथली माणसं अजून हयात आहेत आणि तापट आहेत. १९३४ साली त्या गावच्या निंबा चांभारानं आम्हाला बनवलं. म्हशीचं चामडं, बाभळीच्या सालीत कमावलेलं. तळ तिहेरी. निंबाची चामडं कापायची रापी चालू लागली की त्याचं तोंड बंद होई, पण त्या दिवशी तो पुटपुटत होता. गावातल्या बाईमाणसासाठी त्यानं तोवर एकही जोड शिवला नव्हता; ज्या लेकींना परवडे त्या रावेरच्या बाजारातून आणत. माप कसं घ्यायचं इथपासून अडचण. मुलीच्या पायाला त्यानं हात लावायचा नाही, अशी तेव्हाची रीत. शेवटी मुलीनं घरी पाटावर राख पसरून तिच्यावर पाय ठेवला आणि तो पाट तिच्या बापानं निंबाकडे आणून दिला. निंबानं ठशावरून माप घेतलं. बेतलं मात्र अगदी अचूक.

मुलीचं नाव देवका. वय तेरा. बाप तोताराम नाना, वरच्या गल्लीतले केळीवाले. नानांनी तिला शिकायला जळगावला मावशीकडे ठेवायचं ठरवलं होतं. शहरात पोरगी अनवाणी बरी दिसणार नाही, एवढ्यासाठी आम्ही.

जळगावची अडीच वर्षं आमची फार चांगली गेली. सकाळी मावशीच्या घरचं पाणी भरायचं, भाकरी थापायच्या, मग साडेदहाला शाळा. कापसाच्या जिनिंगचा भोंगा झाला की देवका जेवणावरून उठे आणि आम्ही धावत सुटायचो. शाळेच्या दाराशी पंधरा-वीस जोड असत. सुरतेहून आणलेल्या नाजूक चपला होत्या, एका मारवाडी मुलीची जरीची मोजडी होती. आम्ही त्यांत दणकट आणि गावंढळ दिसायचो, पण पावसाळ्यात मोजडीचे हाल झाले तेव्हा आम्ही मनातल्या मनात हसलो. देवका हुशार होती. गणितात तर बाई फळ्यावर उदाहरण सोडवायला तिलाच बोलवायच्या. मास्तरीण व्हायचं तिनं तेव्हाच ठरवलं होतं. मावशीला ती तसं रोज सांगायची आणि मावशी रोज म्हणायची, आधी भांडी घास.

सातवीचं वर्ष अर्धं झालं होतं आणि लग्न ठरलं. फायनलची परीक्षा चार महिन्यांवर होती, पण मुहूर्त त्याच्याआधीचा निघाला. आमच्याकडे गावातल्या गावात सोयरीक होते. सासर खालच्या गल्लीत, चुडामण आबांकडे. नवरा जीवराम, भुसावळला रेल्वेच्या कारखान्यात कामाला, रविवारी घरी येणारा, सरळ माणूस. वरची गल्ली ते खालची गल्ली म्हणजे जेमतेम दोनशे पावलं. मध्ये लिंबाचा पार. पारावर गावची म्हातारी मंडळी बसलेली.

आता आमचं रडगाणं सुरू होतं, तेव्हा नीट ऐका. आमच्या गावात लेकीला मोकळीक असते. लेकीनं चपला घालून, डोकं उघडं टाकून फिरलं तरी कुणी काही म्हणत नाही. सुनेनं मात्र वडीलधाऱ्यांसमोरून जाताना पायात काही घालायचं नाही. चपला हातात घ्यायच्या, आणि त्या दिसूही द्यायच्या नाहीत, कारण मोठ्या माणसाला चप्पल दाखवणं म्हणजे त्याचा अपमान. डाव्या काखेत धरायच्या आणि वरून पदर घ्यायचा. देवका गावची लेकही होती आणि सूनही. म्हणून वरच्या गल्लीत आम्ही पायात, पार आला की काखेत, आणि पुढे सासरच्या दारापर्यंत तसंच. येताना उलट. दिवसातून दोनदा ती माहेरी ताक द्यायला जाई, म्हणजे दिवसातून चार वेळा ही कसरत. पहिल्या वर्षी ती पाराजवळ थांबून, इकडंतिकडं बघून, वाकून आम्हाला काढी. पुढे पुढे तिला कळेनासंच झालं. चालता चालता पाय सुटत, हात खाली जाई, आम्ही काखेत. विचार वेगळ्याच गोष्टीचा चाललेला असे.

उन्हाळ्यात आमच्याकडची काळी माती तापली की तिच्यावर पाय ठरत नाही. तेव्हा तिचे तळवे पोळायचे आणि आम्ही सावलीत. हे मला आवडलं असेल असं समजू नका. चपलेला काखेत ठेवणं म्हणजे बैलाला गाडीत बसवून माणसानं गाडी ओढणं आहे. मला लाज वाटे.

सासू यशोदाबाई. बुटकी, सावळी, अखंड कामात. तिनं जन्मात कधी पायात काही घातलं नव्हतं. लेक असताना बापाला परवडलं नाही आणि सून झाल्यावर कुणी विचारलं नाही. टाचांना भेगा अशा की रुपया उभा राहील. ती देवकाला फार बोलत नसे. एकदा मात्र आम्हाला चुलीजवळ पाहून म्हणाली होती की ह्यांना बाहेर ठेव, घरात मिरवू नको.

लग्नाला दोन वर्षं झाली आणि गावात बातमी आली. जिल्ह्याचं शाळा बोर्ड मुलींची शाळा काढायला तयार होतं, पण गावाला मास्तरीण हवी. बाहेरची बाई आमच्या गावात राहायला राजी होईना. देवकानं फायनल पास केली तर तिला घेऊ, असं बोर्डाकडून कळलं. नाही तर शाळा दुसऱ्या गावाला जाणार होती.

तोताराम नाना हे बोलणं घेऊन स्वतः चुडामण आबांच्या ओसरीवर आले. मी दाराबाहेर होतेच. आबांनी सगळं ऐकून घेतलं. सुपारी कातरली. मग म्हणाले, "एकदा बसू द्या. पास झाली तर शिकवील. नापास झाली तर पुस्तकं तुमच्या घरी परत, आणि ह्या गोष्टीचं नाव पुन्हा काढायचं नाही."

आत देवका पीठ मळत होती. तिचे हात थांबलेले मला उंबऱ्यावरून दिसले. यशोदाबाईनं तिच्यापुढची परात ओढून घेतली आणि स्वतः मळायला बसली.

ते चार महिने देवकानं जसे काढले तसे कुणावर येऊ नयेत. सकाळी शेण, सडा, पाणी, स्वयंपाक. दुपारी केळीच्या बागेत भाकरी पोचवायची. वाटेत ती पाढे आणि नद्यांची नावं घोकायची. पारासमोर आली की ओठ मिटायचे, पार गेला की पुन्हा गोदावरीपासून सुरुवात. जीवराम रविवारी आला की तिला तोंडी हिशेब घालायचा आणि स्वतःच चुकायचा. ती हसायची. त्या घरात तिचं एवढं हसणं मी त्याआधी ऐकलं नव्हतं.

परीक्षेचं ठिकाण जळगाव. सोबत कोण जाणार? जीवरामला रजा मिळेना. आबा म्हणाले, आम्ही बायकांच्या परीक्षेला जाऊन काय करू? मग यशोदाबाईच निघाली. ती त्याआधी आगगाडीत एकदाच बसली होती. रावेरला गाडी आली तेव्हा तिनं देवकाचं मनगट घट्ट धरलं आणि भुसावळला गाडी बदलताना क्षणभर सोडलं तेवढंच, ते पुढे जळगावपर्यंत धरून ठेवलं. मुक्काम मावशीकडे.

परीक्षेच्या दिवशी सकाळी देवका निघाली ती पूर्वीची देवका होती. आम्ही पायात, पाऊल भरभर, तोंडात त्रैराशिक. मागून यशोदाबाई अनवाणी धापा टाकत. परीक्षा मुलांच्या एका शाळेत होती. मुलींसाठी वेगळी खोली, नऊ मुली. पहिलाच पेपर गणिताचा. यशोदाबाई बाहेरच्या ओट्यावर बसली. देवका आत जायला निघाली.

दारात खुर्ची टाकून सुपरवायझर बसले होते. वयस्कर, पांढऱ्या मिशा, डोक्याला लाल पगडी. तसेच आमचे चुडामण आबा पारावर बसत. देवकाची नजर त्यांच्यावर गेली आणि मित्रांनो, जे व्हायला नको होतं ते झालं. पाय सुटले, हात खाली गेला, पदर कपाळावर आला. पापणी लवते तोवर आम्ही काखेत. दोन वर्षांची सवय, तिला कळलंसुद्धा नाही. कळलं ते बाकावर बसल्यावर. बाकीच्या मुलींच्या चपला दाराशी ओळीनं होत्या आणि आम्ही तिच्या पदराखाली, तिच्या छातीची धडधड ऐकत होतो.

खाली ठेवायचं म्हटलं तर पदर बाजूला करावा लागला असता, आणि समोर ते वडीलधारे. तिनं विचार केला असावा की राहू दे, तशीच लिहीन. डाव्या हातानं आम्हाला दाबून धरलं आणि उजव्या हातानं लेखणी घेतली. कागद हलायला लागला, कारण तो धरायला हात उरला नव्हता. पहिलं उदाहरण झालं. दुसरं निम्मं झालं.

सुपरवायझर फेरी मारत होते. ते तिच्या बाकाशी थांबले.

"पदराखाली काय आहे?"

तिनं काख आणखी आवळली. त्यांनी पुन्हा विचारलं. पुस्तक आहे का? तिनं नुसती मान हलवली, नाही म्हणून. मग काय आहे ते दाखव, असं ते म्हणाले. आवाज चढला नव्हता. त्यांचं काम ते करत होते, त्यांना दोष देण्यासारखं काही नव्हतं. पण देवका दाखवणार कशी? वडिलांसारख्या माणसाच्या तोंडासमोर चप्पल धरायची? तोंडानं सांगायचं तर तेही तिला जमेना. ह्याच शहरात ती फळ्यावर गणितं सोडवत होती, आता आठ मुलींसमोर सांगायचं की मी चपला काखेत घेऊन बसले आहे. मला पहिल्यांदाच तिची भीती वाटली. तिच्यासाठी वाटली, असं म्हणायला हवं.

दाखवायचं नसेल तर पेपर ठेवून बाहेर जावं लागेल, असं त्यांनी सांगितलं. वर नाव कळवावं लागेल, ते वेगळंच. मग काय वाटलं कोण जाणे, त्यांनी विचारलं, सोबत कोणी आलं आहे का? आणि शिपायाकरवी यशोदाबाईला आत बोलावलं.

ती आली. पदर हनुवटीपर्यंत ओढलेला. परक्या पुरुषाशी ती आयुष्यात बोलली नव्हती आणि आताही बोलणार नव्हती. सुपरवायझरांनी तिला सांगितलं की तुमची सून पदराखाली काही लपवते आहे आणि दाखवत नाही, मला नाइलाजानं तिला उठवावं लागेल. यशोदाबाईनं पदराआडून देवकाकडे पाहिलं. डावा हात कसा आवळलेला आहे ते पाहिलं. मग तिचे पाय पाहिले, अनवाणी. आमच्या गावच्या बाईला त्यापुढे सांगावं लागत नाही.

ती मोजून चार श्वास उभी राहिली. मी मोजले. रीत तिनंच शिकवली होती. तिच्या सासूनं तिला, तिनं हिला. यशोदाबाई काही बोलली नाही तर देवकाची पुस्तकं नानांच्या घरी परत जाणार होती, आणि घरची परात, चूल, केळीची बाग सगळं होतं तसं राहणार होतं. चार श्वासांनंतर ती बोलली. देवकाशीच बोलली, पण सगळ्या खोलीला ऐकू गेलं.

"काढ वं बाहेर. ठेव खाली आन् घाल पायात. मी सांगतेय तुले."

देवकानं आम्हाला काढलं. फरशीवर ठेवलं. त्या पगडीवाल्या माणसासमोर, सासूसमोर तिनं आमच्यात पाय घातले. पाय गार पडले होते.

मागच्या बाकावर दोघी तिघी फिदीफिदी हसल्या. सुपरवायझरांनी आमच्याकडे पाहिलं, मग यशोदाबाईच्या भेगाळलेल्या पायांकडे पाहिलं. त्यांना काय समजायचं ते समजलं असावं, कारण हसणाऱ्या मुलींना त्यांनी एका नजरेत गप्प केलं. देवकाला म्हणाले, "लिही. गेला तो वेळ मला परत देता येणार नाही."

तिनं लिहिलं. शेवटची दोन उदाहरणं राहिली. घंटा झाली तेव्हा ती बाहेर आली आणि ओट्यावर सासूच्या मांडीवर डोकं ठेवून रडली. यशोदाबाई तिला थोपटत राहिली. बाकीचे पेपर सुरळीत झाले.

घरी आबांनी विचारलं, कसं झालं. यशोदाबाई म्हणाली, गणित जड गेलं. आणखी काही बोलली नाही.

निकाल मे महिन्यात आला. मावशीचं कार्ड आलं आणि ते जीवरामनं ओसरीवर उभं राहून वाचलं. देवका पास होती. गणितात जेमतेम काठावर, बाकी विषयांत पहिल्या पाचांत. गल्लीत साखर वाटायला सगळे बाहेर पडले. घरात यशोदाबाई एकटीच राहिली. मग ती दाराशी आली, रस्त्याकडे पाहिलं आणि आमच्यात पाय घालून पाहिला. मित्रांनो, तो पाय शिरेना. चाळीस वर्षं मातीवर चाललेला पाय, बोटं फाकलेली, टाच पसरलेली. तिनं जोर केला. कसाबसा अर्धा गेला. दोन पावलं चालली, अडखळली, आणि स्वतःशीच हसली. आम्हाला पुसून जागेवर ठेवलं. मला त्या दिवशी पहिल्यांदा वाटलं की निंबानं आम्हाला जरा सैल शिवलं असतं तर बरं झालं असतं.

जूनमध्ये शाळा उघडली. शाळा वरच्या गल्लीत, देवळाच्या पडवीत. पहिल्या दिवशी देवका निघाली आणि सवयीनं तिनं आम्हाला काखेत घेतलं. यशोदाबाई म्हणाली, पायात घाल, सासऱ्याशी मी बोलली आहे. काय बोलली ते आदल्या दिवशी मी ऐकलं होतं. जळगावची सगळी हकीकत तिनं नवऱ्याला सांगितली आणि म्हणाली की घाल असं मीच सांगितलं, रागवायचं तर माझ्यावर रागवा. आबा रागावले. आठ दिवस ते तिच्या हातचं जेवले पण तिच्याशी बोलले नाहीत.

त्या दिवशी आम्ही पायात पारासमोरून गेलो. आबा पारावर होते, इतर चौघे होते. आम्ही जवळ आलो तसे आबा उठले आणि लिंबाकडे तोंड करून बसले. मग बाकीचेही एकेक करून लिंबाकडे वळले. देवका गेली. त्यांनी पाहिलंच नाही, मग रागावणार कशाला? शाळा भरायच्या आणि सुटायच्या वेळी ती मंडळी रोज लिंबाकडे तोंड करून बसू लागली. आबा जाईपर्यंत हे असंच चाललं. एका शब्दानं ते कधी हो म्हणाले नाहीत आणि नाहीही म्हणाले नाहीत. आता पारावरून मास्तरीणबाईंच्या मागे बारा पोरी जातात, त्यांतल्या चौघींच्या पायांत चपला आहेत.

पहिल्या पगारातून देवकानं निंबाकडून सासूसाठी जोड करून घेतला. राखेत पाय उमटवून, चांगला रुंद. यशोदाबाईनं तो हातात घेतला, वास घेतला, फार खूश झाली. आणि कापडात गुंडाळून फळीवर ठेवून दिला. लग्नाकार्याला घालीन म्हणाली. लग्नं आली तेव्हा म्हणाली, गर्दीत हरवतील. केळीच्या बागेत ती अनवाणीच जात राहिली. देवका म्हणायची, घाला हो आई. ती म्हणायची, नवा आहे, राहू दे. देवका शाळेच्या गडबडीत असायची. तिनंही पुढे आग्रह सोडला. ह्याचा तिला अजून पस्तावा आहे.

गेल्या पावसाळ्याच्या आधी यशोदाबाई गेली. आमच्याकडे तेराव्याला मेलेल्या माणसाच्या नावानं भटजीला छत्री आणि वहाणा दान देतात, पुढच्या वाटेवर पाय पोळू नयेत म्हणून. बाजारातून नवा जोड आणायला माणूस निघाला होता. देवकानं त्याला थांबवलं आणि फळीवरून ते कापड काढलं. सात वर्षांचा जोड, तळाला मातीचा कण नाही. भटजींनी उलटा करून पाहिला आणि चांगला आहे म्हणाले.

आम्ही दोघी आता झिजलो आहोत. माझी टाच गेली, उजवीचा अंगठा दोनदा शिवून झाला. देवका आम्हाला टाकत नाही, पण टाकलं तरी आमची तक्रार नाही. आमचं काम झालं आहे. मित्रांनो, तुमच्या घरात बघा. कुणाची तरी नवी चप्पल फळीवर असेल, कुणाचं तरी लुगडं पेटीत असेल. ते जपून ठेवू नका. आजच खाली काढा, आईच्या, आजीच्या पायांपुढे ठेवा, आणि तिनं पाय घालेपर्यंत तिथून हलू नका.